सकाळचं विरजण

४ फेब्रुवारी

ती. वहिनींस,
नमस्कार.

तुम्ही पाठवलेला तुकडा पाण्यात तरंगला.

दुःख तरंगत नाही, हे मी तुम्हाला सांगायला नको. तुम्ही लग्न होऊन आमच्या घरात आलात तेव्हा मी शाळेत दप्तर विसरून येत होतो आणि तुम्ही आटणीच्या मुशी घासत होतात. दुःखाचा वाटाण्याएवढा खडा जरी पाण्यात टाकला तरी तळाला जाऊन बसतो, ढवळला तरी उठत नाही. तुमचा तुकडा टाकल्याबरोबर वर आला आणि भांड्याच्या काठाकाठाने फिरत राहिला. शेजारच्या टेबलावरचा पारखी म्हणाला, "बूच टाकलंत की काय?" मी हसण्यावारी नेलं.

माझा अंदाज असा की, दादा जाऊन थोडेच दिवस झालेत, घरात माणसांची ये-जा चालू आहे, अशा गडबडीत एखाद्या गिऱ्हाइकाचा तुकडा तुमच्या पाकिटात गेला असणार. तुमचा खरा तुकडा सावकाश शोधून पाठवा.

नियम तुम्हाला पाठ आहे, तरी लिहितो; कसोटीघरात बसून मलाही कागदाची खोड लागली आहे. आटणीच्या दुकानाचा धनी गेला की त्याची मूस फोडायची आणि नव्या मुशीचं बूड त्याच्या बायकोच्या दुःखाचं करायचं. दुःखाचं बूड आगीत तडकत नाही म्हणून ही रीत. ते कसोटीला उतरलं तर दुकान तुमचं, पाटी तुमच्या नावाची. नाही उतरलं तर पाटी रक्ताच्या जवळच्या नात्याकडे जाते, म्हणजे माझ्याकडे, आणि ज्याच्या नावाची पाटी त्यानेच भट्टीवर बसायचं. माझ्या हातून चहासुद्धा उतू जातो. गल्लीतल्या लोकांच्या मनातून काढलेला राग आणि लाज मी भट्टीवर उतू घालवली तर मला तिथे राहायची सोय उरणार नाही. तेव्हा माझ्यावर दया म्हणून तरी लवकर पाठवा.

तुमच्या धाकट्या जावेचा, धाकटीचा, नमस्कार. मुलगी बरी आहे.

तुमचा,
दीर


११ फेब्रुवारी

भाऊजींस,
अनेक आशीर्वाद.

तुकडा माझाच आहे. गडबड झालेली नाही.

स्वतःचं स्वतः काढता येत नाही, कळ दुसऱ्याने फिरवावी लागते, म्हणून समोरच्या तांबटाला बोलावलं होतं. खुर्चीपासून मुशीपर्यंत जाणाऱ्या आपल्या सगळ्या नळ्या त्याच्याच हातच्या. मी खुर्चीवर बसले, पंजे पत्र्यावर ठेवले, त्याने कळ फिरवली. त्याने आणलेली लहान मूस गार झाल्यावर त्यानेच उलटी केली. तुकडा निघाला तो पांढरट आणि छिद्राछिद्रांचा. तांबट बराच वेळ बघत राहिला. मी म्हटलं, "काय झालं?" तर म्हणाला, "काही नाही, धूर गेला डोळ्यात." भट्टी तर केव्हाच विझली होती.

भेटायला येणाऱ्या बायका आधी माझ्या डोळ्यांकडे बघतात आणि मग बोलतात. एकीने येतानाच रुमाल पुढे केला. मी त्याने चष्मा पुसला. ते तिला आवडलं नाही असं दिसलं.

दुकान बंद आहे तरी लोक दार वाजवतातच. ते गणिताचे मास्तर परवा येऊन गेले. परीक्षेचे पेपर तपासायचे आहेत, त्याआधी राग काढून द्या म्हणाले. त्यांच्या रागाच्या विटा फार चांगल्या होतात, दिवसभर ऊब धरतात, बेकरीवाला दर परीक्षेला वाट बघत असतो. नवी मूस झाल्यावर या, असं सांगून परत पाठवलं. पोरांचं आता काही खरं नाही.

तुम्ही पारखी आहात. तुकडा घासा, जाळा, काय करायचं ते करा, आणि तो कशाचा आहे ते मला कळवा. मला ठाऊक नाही असं नाही. पण नाव तुमच्याकडून यावं असं वाटतं.

वहिनी


१९ फेब्रुवारी

ती. वहिनींस,
नमस्कार.

तुकडा दगडावर घासला, पांढरी रेघ उठली. विस्तवावर धरला, आवाज न करता निम्मा उडून गेला. उरलेल्याला वास म्हणावा तर बंद खोलीची खिडकी उघडल्यावर येतो तेवढाच. माझा विश्वास बसेना म्हणून पुन्हा पुन्हा करून पाहिलं.

ही सुटका आहे. भेसळ अजिबात नाही. इतकी शुद्ध सुटका माझ्या टेबलावर एकदाच आली होती. ती खोट्या खटल्यातून म्हातारपणी निर्दोष सुटलेल्या एका माणसाची होती.

पारखी म्हणून माझं काम इथे संपलं. आता दीर म्हणून विचारतो. दादाने तुमच्यावर कधी हात उगारला होता का? लपून पीत होता का? मी लहान म्हणून माझ्यापासून काही झाकून ठेवलं असेल तर आता सांगा. मला ठाऊक असलेला दादा म्हणजे पायाखाली मुंगी आली तर वाट बदलणारा माणूस. आई गेल्यावर मला त्याने वाढवलं, अभ्यासाला बसवलं. परीक्षेच्या आदल्या दिवशी माझी धास्ती स्वतः काढून तिचं कागदावर ठेवायचं वजन करून दिलं, ते या क्षणी माझ्यासमोर आहे.

आणि त्याचा माल. त्याच्या रागाच्या विटेलासुद्धा कडेकडेने सोनेरी छटा असायची. त्याने काढलेल्या लाजेचा धागा कधी तुटला नाही. दुसऱ्या कुणाला ते जमलं नाही. आम्ही इथे त्याला हातगुण म्हणतो आणि नवीन पारखी आले की त्यांना दादाचाच माल दाखवतो. हातात असलं काही असायला माणूस आतून चांगला लागतो, असंही मी त्यांना सांगत आलो आहे.

अशा माणसाच्या बायकोला तो गेल्यावर सुटल्यासारखं वाटावं, हे माझ्या पचनी पडत नाही. खरं लिहायचं तर मला तुमचा राग आला आहे. कसोटीघरात अजून काही नोंदवलेलं नाही. तुकडा माझ्या खणात आहे.

दीर


२७ फेब्रुवारी

भाऊजींस,
आशीर्वाद.

हात उगारला नाही. कधी आवाजही चढवला नाही. पिण्याचं म्हणाल तर खोकल्याचं औषधसुद्धा हे नाक दाबून घ्यायचे.

आनंदाची वस्तू होत नाही, हे तुम्ही जाणताच. तो एकटा मुशीत घट्ट होत नाही. पण त्याचा एक थेंब दुसऱ्या कशात टाकला तर ते नीट जमून येतं, तडकत नाही आणि चकाकतं. जुने लोक त्याला विरजण म्हणायचे. आटणीच्या मंडळाने कुणाला मनाई केली नव्हती, ते आपोआप मागे पडलं, कारण रोज सकाळी ताजा आनंद आणायचा कुठून? ह्यांच्या घरातच होता.

पहिल्यांदा मी आपणहून बसले. लग्नाला फार दिवस झाले नव्हते. मांजराने दुधाचं पातेलं पाडलं आणि स्वतःच दचकून ओट्यावरून पडलं, म्हणून मी हसत होते. हे म्हणाले, "अशीच हसत जरा इथे बस." मुशीतून थेंब निघाला तो ह्यांनी माझ्या तळहातावर ठेवून दाखवला. मला काय अभिमान वाटला म्हणून सांगू. आपलं हसू नवऱ्याच्या उपयोगी पडलं याचं कोणत्या नव्या नवरीला वाईट वाटेल? दुसऱ्या दिवशी ह्यांनी विचारलं. नंतर नुसती खुर्ची पुसून ठेवली. पुढे विचारायचं राहूनच गेलं.

काढलं की ते गेलं, भाऊजी. मांजर मला आजही आठवतं. पण त्यात हसण्यासारखं काय होतं ते आठवत नाही.

रोज सकाळी, भट्टी पेटवायच्या आधी. हसू नसलं तर हे काहीतरी शोधून आणायचे. तुमचं लग्न ठरल्याचं पत्र संध्याकाळी आलं होतं. ते ह्यांनी खिशात ठेवून दिलं आणि सकाळी मी खुर्चीवर बसल्यावर वाचून दाखवलं. त्या दिवशीचा माल तुमच्या कसोटीघरात वर्षातला सर्वांत उत्तम ठरला होता, तुम्हीच कळवलं होतं. लग्नात मी सगळ्यांचं हवं-नको पाहिलं, काही कमी पडू दिलं नाही. तेव्हा धाकटीने तुम्हाला विचारलं होतं, मोठ्या जाऊबाई माझ्यावर नाराज आहेत का. नव्हते. माझ्याकडे तेव्हा काहीच नव्हतं. पुतणी झाल्याची बातमीही मला खुर्चीवरच कळली.

मग मी शहाणी झाले. आनंद व्हायचाच असेल तर तो भट्टी पेटल्यानंतर व्हावा, अशा बेताने वागायला लागले. पोस्टमनला दुपारची वेळ सांगून ठेवली. तुमची पत्रं आणि उत्तराचे कागद मी पिठाच्या डब्यात लपवायची आणि हे झोपले की वाचायची. तुम्हाला वाटायचं, वहिनी उत्तरं मोठी लिहितात पण पत्राला पीठ का लागलेलं असतं. ते त्यामुळे.

हे वाईट नव्हते. खुर्चीवरून उठताना रोज मला म्हणायचे, "तुझ्यामुळे चाललंय." मला बरं नसलं तर डोकं चेपून द्यायचे. मला ह्यांचा राग यायला हवा होता, पण राग यायलाही थोडं काही शिल्लक असावं लागतं.

हे गेले, त्यानंतरच्या सकाळी मी उठले, तोंड धुतलं आणि सवयीने खुर्चीपाशी गेले. तिथे गेल्यावर कळलं की आज बसायचं नाही. तेव्हा जे वाटलं ते तुमच्या खणात आहे.

तुम्ही नोंदवायचं ते खरं नोंदवा. पण दुकान मला हवं आहे. साचे, नळ्या, आच, सगळं मी बघत होते. हे पुढे बसून लोकांशी बोलायचे. मला दुसरं काही येत नाही, आणि आता या वयात दुसरं काही शिकायची हौसही नाही.

वहिनी


३० मार्च

ती. वहिनींस,
नमस्कार.

उत्तराला उशीर झाला. कामाचं निमित्त सांगणार होतो, धाकटी म्हणाली, निदान त्यांना तरी खोटं लिहू नका.

मी ते वजन फोडलं. माझ्या धास्तीचं, दादाने केलेलं. तुकडे घासले, जाळले. माझी धास्ती निघाली, राखाडी, नेहमी असते तशी. तिच्यात एक सोनेरी कण निघाला, तो आनंदाचा. त्यापलीकडे हातगुण म्हणून वेगळं काही सापडलं नाही. खात्री व्हावी म्हणून कसोटीघरातला दादाचा जुना माल काढला. सगळ्यात तेच. इतकी वर्षं मी ज्या झळाळीला पहिला शेरा देत आलो ती तुमची होती, आणि माझ्यासारख्या पारख्याला ती ओळखता आली नाही, कारण दादाचं नाव वर लिहिलेलं असायचं.

धाकटीने तुमचं पत्र वाचलं. वाचून आत गेली. मग आली आणि म्हणाली, "आणि मी त्यांना तुटक म्हणत होते."

मला दादाची आठवण येते. तुमच्या पत्राने ती कमी झालेली नाही. आता ती रागासकट येते, एवढाच फरक. तुमच्यावरचा राग मात्र गेला, तो मी मागे घेतो.

आता दुकानाचं. मी "दुःख" असा शिक्का मारून मोकळा होऊ शकतो. कुणी विचारणार नाही, खरं-खोटं करणारा दगड माझ्याच टेबलावर आहे. मी तसा विचारही केला. पण सुटकेचं बूड पहिल्या आचेलाच उडून जाईल आणि मास्तरांचा राग सगळा भट्टीत सांडेल. शिक्क्याने बूड टिकत नाही.

दुसरा उपाय आहे. मंडळाची बैठक १५ एप्रिलला आहे, तोपर्यंत आणखी एक तुकडा पाठवायची मुभा असते. वरचा थर काढला की खालचा वर येतो. तुमची सुटका माझ्या खणात आहे, म्हणजे ती तुमच्यापाशी नाही. तिच्याखाली काय आहे ते मला सांगता येणार नाही. काही नसेलही, आणि नसलं तर मी तुम्हाला एका शब्दाने बोलणार नाही. पण काही वर आलंच तर तांबटाला हाक मारा आणि बसा. बोटाच्या पेराएवढं पुरे. माझ्या हातात पडल्याबरोबर मी शिक्का मारून परत पाठवतो. दुकान तुमचं, पाटी तुमची, आणि मी सुखाने चहा उतू घालवायला मोकळा.

नाहीतर मंडळ माझं नाव लावेल. मी इथली नोकरी सोडून भट्टीवर बसणार नाही हे तुम्हालाही ठाऊक आहे, म्हणजे दुकानाला कुलूप लागेल. ते तुमच्याही जिवाला लागेल आणि माझ्याही. म्हणून आग्रहाने लिहितो आहे.

तुमचा,
दीर


९ एप्रिल

भाऊजींस,
अनेक आशीर्वाद.

खाली होतं.

सोमवारी सकाळी बँकेतला एक कारकून आला. त्याला लाज काढून हवी होती, कारण साहेबांकडे रजा मागायची होती. मी म्हटलं, दुकान बंद आहे. तर म्हणाला, "मग रजा तरी तुम्ही मागून द्या." मला हसू फुटलं आणि ते सांगायला मी आत वळले. आत कुणी नव्हतं. ह्यांना असल्या गिऱ्हाइकांची फार मजा वाटायची. जेवताना नक्कल करून दाखवायचे, पार खांदे पाडून, मान खाली घालून. कारकून गेल्यावर मी पायरीवर बसले आणि रडले. चांगलं मोठ्याने रडले.

ह्यांनी माझं नेलं ते नेलंच. तरी त्या वेळी मला हे हवे होते. एकाच माणसाबद्दल दोन्ही कसं वाटतं ते मला विचारू नका. पारखी तुम्ही आहात.

तांबटाने समोरून ऐकलं असणार. न बोलावता आला, नळी जोडली, मूस आणून ठेवली. "वहिनी, आलंय तर बसून घ्या," म्हणाला, "परत कधी येईल न येईल." माणूस भला आहे. बैठक जवळ आली हे त्यालाही ठाऊक होतं. मी बसले. पंजे पत्र्यावर ठेवले, ते तर झोपेतसुद्धा ठेवीन. त्याने कळीला हात घातला तेव्हा मी हात उचलले. तो म्हणाला, "पत्रा तापलाय का?" मी म्हटलं, "नाही." मग तो नळी सोडून घेऊन गेला.

बोटाच्या पेराएवढंच द्यायचं होतं. तेवढ्यात दुकान राहिलं असतं. पण पहिल्या दिवशीही थेंबभरच होता, भाऊजी. नवी मूस रोज माझ्यासमोर राहिली असती, तिच्या बुडाला माझं रडणं दिसलं असतं, आणि ते कशासाठी होतं ते मला आठवलं नसतं. नवरा गेल्याचं दुःख बाईने एकदा तरी स्वतःजवळ ठेवून बघावं, असं मला वाटलं. मंडळाच्या नियमात ते बसत नाही.

तेव्हा पाटी तुमच्या नावावर लावून घ्या आणि कुलूप घाला. खणातल्या तुकड्याचं खरं नाव नोंदवा, मला त्याची लाज नाही. चावी तांबटाकडे ठेवली आहे. त्याच्याकडे नळ्यांच्या सांध्यांना डाग द्यायला माणूस हवा होता, तिथे मी पुढच्या आठवड्यापासून जाते. दुकानाचं वाईट वाटतं. फार वाटतं. काल सगळे साचे काढून एकेक पुसला आणि परत ठेवला, पुसायची गरज नव्हती तरी. धाकटीला सांगा, सुट्टीत मुलीला घेऊन ये. सकाळी आली तरी चालेल.

सोमवारचं सांगायचं राहिलं. तांबट गेल्यावर मी तशीच पायरीवर बसून राहिले. रडणं चालूच होतं. माझ्या मनात आलं, हे काढल्याशिवाय थांबायचं नाही, आता असंच राहणार. मग दुपारी भूक लागली. ताट वाढून घेतलं, दोन घास खाल्ले, तेव्हा लक्षात आलं की ते आपोआप थांबलंय, आणि मला सगळं आठवतंय.

वहिनी